अर्धा ग्रोव्ह वाचलेली माणसं

टाउन हॉलला समोसे आले की बातमी चांगली असते आणि नुसताच चहा आला की जपून राहायचं, हे हिंजवडीत दोन वर्षं काढलेल्या कुणालाही सांगावं लागत नाही. त्या दिवशी नुसता चहा होता.

पडद्यावर काळ्या पार्श्वभूमीवर पांढऱ्या अक्षरांत एकच वाक्य होतं : 'ओन्ली द पॅरनॉइड सर्व्हाइव्ह'. खाली नाव होतं, अँडी ग्रोव्ह, इंटेल. म्हणजे जो सतत धास्तावलेला, सतत संशय घेणारा, तोच टिकतो. आमचे साहेब स्टेजवर इकडून तिकडे चालत बोलत होते. रोज सकाळी उठल्यावर प्रत्येकाने आरशासमोर उभं राहून स्वतःला विचारावं, की आज माझी नोकरी का जाऊ नये? हा प्रश्न ज्याला पडत नाही तो आधीच संपलाय, असंही ते म्हणाले. टाळ्या वाजल्या. मीही वाजवल्या. तीन आठवड्यांनी आमच्या चौदा जणांच्या टीममधून चार जण कमी झाले. त्यातल्या एकाचं लॉगिन भर मीटिंगमध्ये बंद पडलं आणि आम्हाला वाटलं, त्याचं नेट गेलंय.

हा लेख त्या चौघांबद्दल नाही. त्या स्लाइडबद्दल आहे, आणि ती स्लाइड बनवणाऱ्या, फॉरवर्ड करणाऱ्या, लिंक्डइनवर तिच्याखाली आगीच्या इमोजी टाकणाऱ्या सगळ्यांबद्दल आहे. माझा आरोप साधा आहे. तुम्ही अर्धा लेखक वाचलाय. खरं तर अर्धाही नाही, एका पुस्तकाचं मुखपृष्ठ वाचलंय.

अँडी ग्रोव्ह हा आपल्या धंद्यातला मोठा माणूस, याबद्दल वाद नाही. १९६८ साली इंटेल सुरू झाली तेव्हापासून तो तिथे होता, १९८७ ते १९९८ सीईओ होता. १९९७ साली 'टाइम'ने त्याला त्या वर्षीचा माणूस ठरवलं. त्याची पुस्तकं एका ओळीत मांडली तर मजेशीर दिसतात. १९६७ चं सेमीकंडक्टरच्या भौतिकशास्त्रावरचं पाठ्यपुस्तक, १९८३ चं 'हाय आउटपुट मॅनेजमेंट', १९९६ चं 'ओन्ली द पॅरनॉइड सर्व्हाइव्ह' आणि २००१ चं 'स्विमिंग अक्रॉस'. तुमच्या ऑफिसात दर आठवड्याला मॅनेजरबरोबर जी वन-ऑन-वन होते, दर तिमाहीला ज्या ओकेआरच्या एक्सेलमध्ये तुम्ही आकडे भरता, त्याचं मूळ या माणसाच्या इंटेलमध्ये आहे. इंटेलमध्ये शिकलेला जॉन डोअर १९९९ मध्ये ती पद्धत गूगलला घेऊन गेला आणि तिथून ती जगभर पसरली. म्हणजे ग्रोव्हचं नावही न ऐकलेला पुण्यातला पोरगा दर तीन महिन्यांनी ग्रोव्हचाच फॉर्म भरतो.

या ओळीतलं शेवटचं पुस्तक मात्र कुणी वाचलेलं नसतं. मीही नव्हतं वाचलं. ते चौघे गेल्यावर, रात्री झोप येत नव्हती म्हणून, हा बाबा आहे तरी कोण असं चिडून शोधत बसले तेव्हा सापडलं. वाटलं होतं, चिप कशी बनवली, कोणाला कसं हरवलं याच्या बढाया असतील. त्यात चिप नाहीच. पुस्तक इंटेलच्या आधीच संपतं. त्यात एक मुलगा आहे, त्याचे आईवडील आहेत आणि बुडापेस्ट आहे.

त्या मुलाचं नाव ग्रोव्ह नाही. हंगेरीत आडनाव आधी लावतात, म्हणून ग्रोफ आंद्राश. जन्म २ सप्टेंबर १९३६. घर ज्यू, धार्मिक नसलेलं. वडील दुधाच्या धंद्यात भागीदार. चार वर्षांचा असताना त्याला स्कार्लेट फीव्हर झाला, त्यातून जेमतेम वाचला, पण कान गेले. पुढची कित्येक वर्षं तो वर्गात पुढच्या बाकावर बसून ओठ वाचून शिकला. बागेत त्याच्याबरोबर खेळणारी एक मुलगी एकदा सहज म्हणाली, की ज्यूंनी येशूला मारलं, म्हणून सगळ्या ज्यूंना डॅन्यूबमध्ये फेकणार आहेत. पोर रडत आईकडे पळालं. लहान मुलं असं काहीबाही बोलतातच, असं म्हणून आपण सोडून देऊ. पण १९४४ च्या हिवाळ्यात बुडापेस्टमध्ये ॲरो क्रॉसच्या लोकांनी ज्यूंना खरोखरच नदीकाठी उभं करून गोळ्या घातल्या आणि प्रेतं पाण्यात जाऊ दिली. नदीकाठी आज लोखंडी बुटांच्या जोड्या ओळीने मांडलेल्या आहेत, ते त्याचंच स्मारक. फोटो तुम्ही इन्स्टाग्रामवर बघितला असेल.

वडिलांना १९४२ मध्ये सक्तीच्या मजुरीच्या तुकडीत भरती करून रशियाच्या आघाडीवर पाठवलं. या तुकड्यांमधल्या ज्यू पुरुषांच्या हातात बंदूक नसायची, फावडं असायचं. नंतर ते बेपत्ता असल्याचं कळलं. मार्च १९४४ मध्ये जर्मन सैन्य हंगेरीत शिरलं. एप्रिलपासून कपड्यांवर पिवळा तारा. मे ते जुलै या आठेक आठवड्यांत सुमारे ४ लाख ३७ हजार ज्यूंना गाड्यांत भरून बाहेर पाठवलं, बहुतेकांना आउश्वित्झला. आपण लॉजिस्टिक्स, स्केल, एक्झिक्युशन हे शब्द दिवसभर वापरतो. आइकमनच्या ऑफिसातही ते सगळं होतं.

या गाड्या आधी खेड्यांतून आणि लहान गावांतून भरल्या गेल्या. राजधानीचा नंबर शेवटी होता. तो यायच्या आत, जुलैमध्ये, हंगेरीचा सत्ताधीश होर्टी याने गाड्या थांबवायला लावल्या. म्हणजे आंद्राश बुडापेस्टमध्ये राहत होता म्हणून त्या उन्हाळ्यात वाचला. त्याच्याच वयाचा, त्याच्याएवढाच हुशार, कदाचित त्याच्यापेक्षा जास्त धास्तावलेला एखादा मुलगा दोनशे किलोमीटरवर राहत असेल तर तो गेला. ऑक्टोबरमध्ये ॲरो क्रॉसने सत्ता घेतली. आईने त्याला घेऊन खोट्या नावाने, ओळखीच्या ख्रिश्चन लोकांच्या आश्रयाने दिवस काढले. त्याला नवं आडनाव पाठ करायला लावलं. आठ वर्षांच्या मुलाला झोपेतून उठवून विचारलं तरी चुकता कामा नये इतकं पाठ. जानेवारी १९४५ मध्ये रशियन सैन्य आलं. ज्यूंसाठी ती सुटका होती. त्याच सैन्यातल्या एका सैनिकाने त्याच्या आईवर बलात्कार केला. हे त्याने लिहिलंय, एकाही विशेषणाशिवाय. युद्ध संपल्यावर एक हाडांचा सापळा दारात येऊन उभा राहिला. ते वडील होते.

आता ती स्लाइड पुन्हा डोळ्यांसमोर आणा. जो धास्तावलेला, तोच टिकतो.

ग्रोव्हच्या आठवणींचं पुस्तक जर कुठलं एक वाक्य खोटं ठरवत असेल तर ते त्याच्याच दुसऱ्या पुस्तकाचं नाव आहे. बुडापेस्टमध्ये ज्यू म्हणून जगणारं कोण धास्तावलेलं नव्हतं? गाडीत बसवलेले ४ लाख ३७ हजार लोक काय गाफील, आळशी, 'कम्फर्ट झोन'मध्ये होते? त्यांची धास्ती कमी पडली म्हणून ते गेले? मायलेक वाचले ते गाड्यांच्या क्रमामुळे, कुणीतरी दार उघडल्यामुळे, खोट्या कागदांमुळे, कुणी चुगली न केल्यामुळे. आईची हुशारी आणि तिचं धैर्य त्यात होतंच, मी ते नाकारत नाही. पण ती हुशारी दुसऱ्या कुणाच्या तरी उंबऱ्याच्या आत उभी होती. उंबरा नसता तर ती कितपत पुरली असती?

आणि हे त्याच्या आयुष्यात पुन्हा पुन्हा होतं. १९५६ च्या ऑक्टोबरमध्ये हंगेरीत उठाव झाला, नोव्हेंबरमध्ये रशियन रणगाडे आले. तो वीस वर्षांचा, रसायनशास्त्राचा विद्यार्थी. रात्री चालत ऑस्ट्रियाची सीमा ओलांडली. त्या काळात सुमारे दोन लाख माणसं देश सोडून गेली. व्हिएन्नात त्याला इंटरनॅशनल रेस्क्यू कमिटी या निर्वासितांच्या संस्थेने हात दिला. जानेवारी १९५७ मध्ये तो जहाजाने न्यूयॉर्कला पोचला. ब्राँक्समध्ये काकांच्या घरी राहिला. त्याच संस्थेने त्याला कानाचं यंत्र घेऊन दिलं. सिटी कॉलेजमध्ये शिकला, जिथे तेव्हा फी नव्हती. १९६० मध्ये केमिकल इंजिनीअर झाला, १९६३ मध्ये बर्कलीहून पीएचडी. २००५ मध्ये त्याने त्या सिटी कॉलेजला २ कोटी ६० लाख डॉलर दिले. स्वतःच्या बळावर उभ्या राहिलेल्या माणसाची गोष्ट म्हणून जी आपल्याला विकली जाते ती मुळात अशी आहे : लपवणारं घर, वाट, काकांची खोली, फुकट कॉलेज, कानाचं यंत्र. हे सगळं काढून टाका आणि मग नुसत्या धास्तीवर इंटेल उभी करून दाखवा.

आपल्याकडे लगेच कुणीतरी म्हणणार, टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही. ही म्हण मला लहानपणापासून छळते. दहावीचे मार्क कमी पडले तेव्हा मामा म्हणाले, इंजिनीअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला बॅकलॉग राहिला तेव्हा एचओडी म्हणाले, आणि आता लेऑफनंतर लोक एकमेकांना पोस्ट करतात. घाव घातल्यावर फुटलेले दगड पाथरवट बाजूला टाकतो. देवळात ते ठेवत नाहीत, म्हणून आपल्याला घाव आणि देव एवढंच दिसतं. ग्रोव्हची गोष्ट 'युद्धाने त्याला घडवलं' अशी सांगणारे लोक हेच करतात. युद्धाने त्याचे वडील मोडले. युद्धाने त्याच्या आईचं जे केलं ते वर लिहिलंय. त्याला ऐकू येत नव्हतं. हे सगळं होऊनही तो घडला, आणि 'होऊनही'च्या जागी 'झाल्यामुळे' लिहिणं ही निव्वळ चलाखी आहे. त्यातून फायदा घाव घालणाऱ्यालाच होतो.

इथवर मी ग्रोव्हची वकिली केली. आता थोडं त्याच्या विरुद्ध बोलते, नाहीतर मीही अर्धाच वाचल्यासारखं होईल.

शाळेत असताना आंद्राशला पत्रकार व्हायचं होतं. मुलांच्या एका वर्तमानपत्रात तो लिहायचा, नावही होऊ लागलं होतं. मग कम्युनिस्ट राजवटीत घरातल्या एका नातेवाइकाला खटल्याशिवाय तुरुंगात टाकलं आणि याचे लेख छापायचे अचानक बंद झाले. कुणी कारण दिलं नाही. लेख वाईट झाले नव्हते, लेखक गैरसोयीचा झाला होता. ज्या धंद्यात माझं काम चांगलं की वाईट हे कुणाच्या तरी मर्जीवर ठरतं तो धंदा नको, असं ठरवून तो रसायनशास्त्राकडे वळला. प्रयोगशाळेत उत्तर बरोबर आलं तर ते बरोबरच असतं.

हे वाचताना मी फोन बाजूला ठेवला. कारण मी इंजिनीअरिंगला गेले त्याची खरी कारणं 'सगळे जातात' आणि 'आईला वाटतं' ही असली, तरी कोड लिहायला लागल्यावर जे आवडलं ते हेच होतं. प्रोग्रॅम चालतो किंवा चालत नाही. तो तुमचं आडनाव विचारत नाही, तुम्ही मीटिंगमध्ये किती मोठ्याने बोलता हे बघत नाही. मग पहिलं अप्रेझल झालं आणि कळलं की वर्षभराच्या चालणाऱ्या कोडचं शेवटी एका आकड्यात रूपांतर होतं. तो आकडा बंद खोलीत ठरतो आणि टीममधल्या कुणाला तरी खालचा आकडा द्यावाच लागतो, कारण तसा 'कर्व्ह' आहे.

तर, मर्जीवर चालणाऱ्या मूल्यमापनापासून देश सोडण्याइतक्या लांब पळालेल्या या माणसाच्या इंटेलमध्ये कर्मचाऱ्यांना एकमेकांशी तुलना करून क्रम लावायची पद्धत होती. सकाळी आठ वाजून पाच मिनिटांनंतर येणाऱ्याने वेगळ्या यादीत सही करायची, ही शिस्तही त्याचीच, १९७१ पासूनची. १९८१ च्या मंदीत लोकांना सांगण्यात आलं, की पुढचे सहा महिने रोज दोन तास जास्त काम करा, पगार तोच. आपल्याकडे आठवड्याला ७० तासांवरून जो गदारोळ झाला त्याचा हा जुना भाऊ. ग्रोव्हला हे विसंगत का वाटलं नाही? मला वाटतं, त्याला खरंच वाटत होतं की पुरेसे आकडे मोजले, नीट लिहून काढलं, तर माणसाचं मूल्यमापनही प्रयोगशाळेइतकं स्वच्छ करता येतं. 'हाय आउटपुट मॅनेजमेंट'मध्ये अप्रेझल कसं लिहावं यावर त्याने घेतलेली मेहनत बघितली की त्याची तळमळ खोटी वाटत नाही. पण ते तसं होत नाही. आकडा देणाऱ्या हाताला मर्जी असतेच. हे त्याला सोळा-सतराव्या वर्षी ठाऊक होतं आणि चाळिशीत तो ते विसरला, असं माझं मत आहे.

तरीही ज्या पुस्तकाचं नाव ढाल म्हणून आपल्यापुढे धरलं जातं ते उघडून बघितलं तर आत काय आहे? पहिली गोष्ट म्हणजे, सुरुवातीलाच तो सांगतो की धास्तीचं हे मोल धंद्यापुरतं. मग तो स्वतःच्या काळज्यांची यादी देतो. माल बिघडेल का, कारखाने नीट चालतील का, योग्य माणसं घेतली का, आणि माणसांचं मनोबल खचेल का. तुमचं मनोबल खचेल का ही त्याच्या धास्तीतली एक बाब आहे. आमच्या स्लाइडवर ती कुठे गेली? आमच्याकडे तर ते खचवायचा कार्यक्रम म्हणून ते वाक्य वापरलं.

दुसरी गोष्ट १९८५ ची. इंटेल तेव्हा मेमरी चिप बनवणारी कंपनी होती आणि जपानी कंपन्यांनी तिला त्या बाजारात धूळ चारली होती. ग्रोव्ह आणि गॉर्डन मूर ऑफिसात हताश बसले होते. ग्रोव्हने विचारलं, आपल्याला हाकलून नवा माणूस आणला तर तो काय करेल? मूर म्हणाले, मेमरीतून बाहेर पडेल. मग आपणच दाराबाहेर जाऊन परत आत येऊ आणि तेच करू, असं ग्रोव्हने सुचवलं. हा किस्सा प्रत्येक एमबीए सांगतो. त्याच प्रकरणातली पुढची गोष्ट मात्र कुणी सांगत नाही. साहेब लोक महिनोन्महिने वाद घालत बसले होते, तोवर उत्पादनाचं वेळापत्रक आखणाऱ्या मधल्या फळीतल्या लोकांनी आधीच कारखान्यांची क्षमता हळूहळू मेमरीकडून मायक्रोप्रोसेसरकडे वळवली होती. नियम साधा होता, ज्या मालातून जास्त पैसे मिळतात त्याला वेफर जास्त. ग्रोव्ह कबूल करतो की कंपनी खालच्या लोकांनी वाचवत आणली होती, वरच्यांना उशिरा कळलं. अर्थात बाहेर पडायचं ठरल्यावर कारखाने बंद झाले आणि हजारोंच्या नोकऱ्या गेल्या, हेही त्याच पानांच्या मागे आहे.

तिसरी गोष्ट सगळ्यांत महत्त्वाची. गुणवत्तेचे गुरू मानले जाणारे डेमिंग सांगायचे की कंपनीतून भीती हद्दपार करा. ग्रोव्हला हे इतकं सरळ पटत नाही. स्पर्धकाची, बाजाराची, हरण्याची भीती हवीच, असं तो म्हणतो. आमचे साहेब इथेच पुस्तक बंद करतात. पण पुढे तो दुसऱ्या एका भीतीबद्दल लिहितो. वाईट बातमी सांगितली तर शिक्षा होईल ही भीती. ही विष आहे असं तो स्पष्ट मांडतो. ती घालवायला वर्षानुवर्षं नीट वागावं लागतं आणि ती परत आणायला एक प्रसंग पुरतो. बाहेर वारं बदललंय हे आधी कळतं ते विक्रीच्या, सपोर्टच्या, मधल्या फळीच्या माणसांना. ती गप्प बसली तर वरचा माणूस आंधळा होतो.

त्याला स्वतःलाही याची किंमत मोजावी लागली. १९९४ मध्ये पेन्टियम प्रोसेसरच्या भागाकारात चूक आहे हे लिंचबर्ग कॉलेजमधल्या थॉमस नाइसली या गणिताच्या प्राध्यापकाने दाखवून दिलं. ४१९५८३५ ला ३१४५७२७ ने भागलं तर चौथ्या दशांश स्थळालाच उत्तर चुकायचं. इंटेलचं पहिलं म्हणणं असं, की हे नऊ अब्ज भागाकारांत एकदा होतं, सामान्य माणसाने काळजी करू नये. म्हणजे धास्तावलेली कंपनी गिऱ्हाइकाला मात्र निर्धास्त राहायला सांगत होती. लोक भडकले, शेवटी मागेल त्याला चिप बदलून द्यावी लागली आणि ४७ कोटी ५० लाख डॉलरचा फटका बसला. ग्रोव्हचं पुस्तक याच कहाणीपासून सुरू होतं. आपण चुकलो, हे त्याने पहिल्या प्रकरणात लिहिलं. आमच्या टाउन हॉलच्या पहिल्या स्लाइडवर असं काही कधी आलेलं मी बघितलेलं नाही.

आता माझी गोष्ट, कारण हे सगळं मी दुसऱ्यांना सुनावतेय आणि स्वतः काय केलं ते सांगितलं नाही तर ते ताकाला जाऊन भांडं लपवणं होईल.

ते चौघे गेल्यानंतर दोन महिन्यांनी आम्ही बिलिंगचा जुना डेटा नव्या सिस्टिममध्ये हलवत होतो. शनिवारी रात्री रिलीज. गुरुवारी दुपारी मला दिसलं की तारखा बदलणाऱ्या स्क्रिप्टमध्ये टाइमझोनचा घोळ आहे, महिन्याच्या शेवटच्या रात्रीच्या काही नोंदी दोनदा धरल्या जातील. खात्री नव्हती, पण शंका भक्कम होती. मी चॅनलवर मेसेज लिहिला. मग आठवलं, गेलेल्या चौघांतला एक जण त्याआधीच्या रिलीजला 'एक आठवडा थांबू' म्हणाला होता आणि भर मीटिंगमध्ये त्याला 'ब्लॉकर' म्हटलं गेलं होतं. त्यामुळेच त्याचं नाव यादीत आलं का? मला माहीत नाही. मला माहीत असण्याची गरजही नव्हती. एक प्रसंग पुरतो. मी मेसेज खोडला. टेस्टरला दिसेलच, असं स्वतःला सांगितलं.

सोमवारी सकाळी सहा हजारांहून जास्त ग्राहकांना एकाच महिन्याची दोन-दोन बिलं गेली होती. सपोर्टच्या पोरांनी तीन दिवस शिव्या खाल्ल्या. नंतर जो 'रूट कॉज'चा अहवाल बनला त्यात लिहिलं होतं, टेस्ट कव्हरेज अपुरं. तो अहवाल मीच लिहिला.

यावर मला मिळालेला सगळ्यांत प्रामाणिक प्रतिवाद माझ्या एका मित्राचा. तो आता स्वतः मॅनेजर आहे. तो म्हणाला, अगं, बाजार खरंच वाईट आहे, एआयमुळे काय होणार कुणालाच माहीत नाही, मग लोकांना खोटं सांगू का, की सगळं छान आहे? अजिबात नको सांगू. बाजाराची भीती सांग, आकडे सांग, कुठला क्लायंट जाणार ते सांग, सगळ्यांबरोबर टेबलावर ठेव. ग्रोव्हची धास्ती ही वर बसलेल्या माणसाने स्वतःच्या डोक्यावर घ्यायची गोष्ट होती, निदान पुस्तकात तरी. आमच्याकडे साहेबाला वाटणारी भीती मॅनेजरकडे, मॅनेजरची लीडकडे, लीडची माझ्याकडे असा तिचा रिले होतो आणि शेवटी ती फ्रेशरच्या हातात पडते. त्याच्या लॅपटॉपवर माउस किती वेळ हलला नाही हे मोजणारं सॉफ्टवेअर असतं. बाजाराबद्दल त्या फ्रेशरला काहीच सांगितलेलं नसतं. त्याला फक्त आरशासमोर उभं राहायला सांगितलेलं असतं.

आणि शब्दांचीही थोडी लाज बाळगा. 'सर्व्हाइव्ह' हा शब्द त्या माणसाने वापरला तर त्याच्या मागे खोटं आडनाव पाठ करणारा मुलगा आहे. पुढे तो कधी हंगेरीला परत गेला नाही, इतका श्रीमंत होऊनही. २०१६ मध्ये वारला तोवर नाही. तिमाहीचं टार्गेट चार टक्क्यांनी चुकलं म्हणून तोच शब्द तुम्ही एसी हॉलमध्ये वापरता तेव्हा तुम्ही त्याचं वाक्य उधार घेत नाही, त्याचं बालपण उधार घेता, तेही न वाचता. या पुस्तकाचं नाव त्याच्या एका शिक्षकाच्या बोलण्यावरून आलंय. आयुष्य म्हणजे मोठं तळं, सगळी मुलं एका काठावरून पोहायला लागतात, सगळी पलीकडे पोचणार नाहीत, पण ग्रोफ पोचेल, असं ते पालकांसमोर म्हणाले होते. मी वाचताना सारखी बाकीच्या मुलांचा विचार करत होते. त्यांचे पालकही तिथेच बसले होते ना?

मागच्या महिन्यात पुन्हा टाउन हॉल झाला. समोसे होते. स्लाइड नवी होती, वाक्य तेच, यावेळी मागे वाघाचा फोटो. प्रश्न विचारायला एक लिंक असते, त्यात 'नाव लपवा' असा पर्याय असतो आणि तो आधीपासूनच निवडलेला असतो. मी तो काढला आणि लिहिलं, या लेखकाच्या मते कंपनीत कुठली भीती नसावी, आणि ती आपल्याकडे नाही हे आपण कसं तपासतो?

माझ्या प्रश्नाला नऊ लाइक आले. आठ जणांची नावं दिसत नव्हती. साहेबांनी तो मोठ्याने वाचला, छान प्रश्न आहे म्हणाले, यावर ऑफलाइन बोलू म्हणाले. अजून बोलावणं आलेलं नाही. मात्र नववं नाव आमच्याच टीममधल्या, जूनमध्ये लागलेल्या फ्रेशरचं होतं. दुसऱ्या दिवशी त्याने माझ्या पुल रिक्वेस्टवर कॉमेंट टाकली, की ताई, इथे टाइमझोनचं बघितलंय का? बघितलं नव्हतं.